गुन्हेकथांचे नोंदकार

अगाथा ख्रिस्तीची 'मर्डर ऑन द ओरिएंट एक्स्प्रेस' १९३४ साली लंडनमध्ये प्रसिद्ध झाली. त्याच वर्षी ती अमेरिकेतही निघाली, पण 'मर्डर इन द कॅले कोच' या नावानं. ग्रॅहम ग्रीनची 'स्तांबूल ट्रेन' तिकडे आधीच 'ओरिएंट एक्स्प्रेस' म्हणून विकली जात होती आणि प्रकाशकाला गोंधळ नको होता. ख्रिस्तीच्या बाबतीत असं पुन्हा पुन्हा घडलं. 'लॉर्ड एजवेअर डाइज' अमेरिकेत 'थर्टीन ॲट डिनर' झाली, तर '४.५० फ्रॉम पॅडिंग्टन'ला 'व्हॉट मिसेस मॅकगिलिकडी सॉ!' असं नाव मिळालं. जुन्या पुस्तकांच्या दुकानात न वाचलेली ख्रिस्तीकथा मिळाली म्हणून हरखलेल्या वाचकाला घरी आल्यावर दहाव्या पानावर कळतं, की ही आपण वाचली आहे.

ख्रिस्तीचं सगळं सुदैवानं नोंदलेलं आहे. पण तिच्या काळात दर आठवड्याला रेल्वे स्टेशनावरच्या स्टॉलवर येणाऱ्या आणि भाड्यानं पुस्तकं देणाऱ्या वाचनालयांतून फाटेपर्यंत फिरणाऱ्या हजारो रहस्यकथांचं काय? त्यांचे लेखक कोण होते, किती नावांनी लिहीत होते, कधी जन्मले, कधी गेले? विद्यापीठांनी बराच काळ हे प्रश्न विचारण्याजोगे मानलेच नाहीत. त्यांची उत्तरं शोधली ती हौशी माणसांनी. गुन्हेकथा, रहस्यकथा आणि हेरकथा लिहिणाऱ्यांवरचे जे संदर्भग्रंथ आज इंग्रजीत उभे आहेत, त्यांच्या मागे मुख्यतः अशा माणसांची चिकाटी आहे.

ग्रीन स्वतःही त्यांतला एक. डोरोथी ग्लोव्हर या मैत्रिणीबरोबर तो व्हिक्टोरियन काळातल्या गुन्हेकथा जमवत असे. त्या संग्रहाची सूची १९६६ मध्ये पुस्तकरूपानं आली. 'एलरी क्वीन' या नावामागच्या दोन मावसभावांपैकी फ्रेडरिक डॅने हाही असाच वेडा संग्राहक. पुस्तकरूपातल्या डिटेक्टिव्ह लघुकथांची सूची क्वीनच्या नावानं १९४२ मध्ये निघाली आणि महत्त्वाच्या कथासंग्रहांचा मागोवा घेणारं 'क्वीन्स कोरम' १९५१ मध्ये. ज्यांनी रहस्यं रचली, त्यांनाच आपल्या पूर्वजांची नोंद ठेवावीशी वाटली, ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते.

सगळ्याच गुन्हेकथांची एक यादी करण्याचा मोठा प्रयत्न ऑर्डीन हेगन या अमेरिकन ग्रंथपालानं केला. 'हू डन इट?' हा त्याचा ग्रंथ १९६९ मध्ये प्रसिद्ध झाला. एडगर ॲलन पोच्या 'द मर्डर्स इन द रू मॉर्ग'पासून, म्हणजे १८४१ पासून, १९६७ पर्यंतच्या पुस्तकांना त्यानं हात घातला होता. हेगन त्याच सुमारास वारला. ग्रंथात चुका पुष्कळ होत्या. कुठे दोन लेखक एक झाले होते, तर कुठे एकाच पुस्तकाची दोन. चुका वाचकांच्या लगेच लक्षात आल्या, कारण तोवर अशा वाचकांना एकत्र आणणारं एक छोटं नियतकालिक सुरू झालं होतं.

ते होतं 'द आर्मचेअर डिटेक्टिव्ह'. मिनेसोटातल्या व्हाइट बेअर लेक या गावातून ॲलन ह्यूबिन यांनी ते १९६७ मध्ये काढलं. ह्यूबिन पेशानं रसायनशास्त्रज्ञ, थ्रीएम कंपनीत नोकरीला. कथा-कादंबऱ्यांचा नाद मात्र एवढा, की समीक्षक अँथनी बाउचर वारल्यावर 'न्यू यॉर्क टाइम्स'मधलं रहस्यकथांच्या परीक्षणाचं सदर काही वर्षं त्यांच्याकडे आलं. हेगनच्या यादीतल्या चुका त्यांच्या नियतकालिकाकडे पत्रांतून येऊ लागल्या, तेव्हा त्यांनी दुरुस्त्यांवर न थांबता यादीच नव्यानं करायला घेतली आणि ती आपल्या अंकांतून हप्त्याहप्त्यानं छापली. प्रत्येक हप्त्यावर वाचकांची पत्रं यायची. एखाद्या ग्रंथपालानं कॉपीराइटच्या जुन्या नोंदी तपासलेल्या असायच्या, एखाद्या संग्राहकानं आपल्या कपाटातली पहिली आवृत्ती उघडून पाहिलेली असायची. ते सगळं नोंदीत मिसळत गेलं आणि १९७९ मध्ये १७४९ ते १९७५ या काळाची सूची ग्रंथरूपानं बाहेर आली.

ह्यूबिन तिथे थांबले नाहीत. १९८४ मध्ये सूची १९८० पर्यंत आणली, १९९४ मध्ये १९९० पर्यंत, आणि २००३ मधल्या 'क्राइम फिक्शन ४'मध्ये २००० सालापर्यंत. शतक संपलं तिथे त्यांनी रेघ मारली. नंतर आलेल्या पुरवण्या मात्र जुन्याच पुस्तकांविषयीच्या नव्या माहितीच्या होत्या.

ही सूची उघडली तर प्रथमदर्शनी रुक्ष वाटते. लेखक, जन्म-मृत्यूची वर्षं, टोपणनावं, पुस्तकाचं नाव, ब्रिटिश आणि अमेरिकन प्रकाशक, साल, बदललेलं नाव, पुस्तकात कोणता नायक परत येतो ते. काही नावांच्या आधी एक आडवी रेघ असते. त्या पुस्तकात गुन्हा आहे, पण कथा त्यावर उभी नाही, असा तिचा अर्थ. हजारो पुस्तकांबाबत हा निवाडा करायचा म्हणजे ती कुणीतरी वाचलेली हवीत, निदान चाळलेली हवीत. त्या रेघेइतकं मोठं श्रमाचं चिन्ह मला दुसऱ्या कुठल्या सूचीत दिसलेलं नाही.

टोपणनावांचं जंगल तर वेगळंच. जॉन क्रीझी या इंग्रज लेखकानं २८ नावांनी सहाशेच्या आसपास पुस्तकं लिहिली. पोलिसकथांसाठी तो जे. जे. मॅरिक, काऊबॉयकथांसाठी टेक्स रायली, प्रेमकथांसाठी मार्गारेट कुक. इथे निदान एका माणसाची अनेक नावं आहेत. उलट प्रकार अधिक अवघड. 'निक कार्टर' या नावाखाली १९६४ पासून निघालेल्या हेरकथांच्या मालिकेत अडीचशेहून अधिक पुस्तकं आहेत आणि ती अनेकांनी पैसे घेऊन, नाव न देता लिहिली आहेत. कुठलं कुणाचं, हे प्रकाशकाच्या करारपत्रांतून, लेखकांच्या पत्रव्यवहारातून, कधी त्यांच्या मुलाबाळांकडून काढावं लागतं.

असा शोध कधी दीडशे वर्षांनी तडीला जातो. 'द नॉटिंग हिल मिस्ट्री' ही कादंबरी १८६२-६३ मध्ये 'वन्स अ वीक' साप्ताहिकात निनावी आली, नंतर 'चार्ल्स फेलिक्स' या नावानं पुस्तक झाली. इंग्रजीतली पहिली डिटेक्टिव्ह कादंबरी म्हणून समीक्षक जुलियन सिमन्स यांनी तिच्याकडे लक्ष वेधलं, पण फेलिक्स कोण हे कळेना. २०११ मध्ये पॉल कॉलिन्स या अमेरिकन लेखकानं १८६४ मधल्या मँचेस्टरच्या एका वृत्तपत्रातली साहित्यवार्ता शोधून काढली. तिथे नाव होतं, चार्ल्स वॉरन ॲडम्स. पुस्तक काढणारी प्रकाशनसंस्था ॲडम्सच चालवत होता.

सूचीकार मत देत नाही, कोशकार देतो. झाक बार्झन हे कोलंबिया विद्यापीठातले नामांकित इतिहासकार आणि वेंडेल हर्टिग टेलर हे रसायनशास्त्राचे अध्यापक. शाळेपासूनचे हे मित्र आयुष्यभर वाचलेल्या रहस्यकथांवर टिपणं करत आले. त्यांतून १९७१ मध्ये 'अ कॅटलॉग ऑफ क्राइम' झालं. प्रत्येक पुस्तकावर दोन-चार ओळी, आणि त्या ओळींत ठाम निकाल. त्यांचा जीव पुराव्याच्या, तर्काच्या कथेवर. गुन्हेगाराच्या मनाचा तळ ढवळणाऱ्या कादंबऱ्यांना ते सहज नापास करतात. पुढच्याच वर्षी सिमन्स यांचं 'ब्लडी मर्डर' आलं आणि त्यानं बरोबर उलट बाजू मांडली: कोड्याची कथा मागे पडते आहे, माणसांची गुन्हेकादंबरी पुढे येते आहे. दोन्ही पुस्तकं शेजारी ठेवून वाचावीत. माझा कल सिमन्सकडे आहे; तरीही एखादं विसरलेलं पुस्तक हुडकायचं असेल तर मी बार्झन-टेलर उघडतो, कारण त्यांनी खरोखर सगळं वाचलेलं आहे.

जॉन रायली यांनी संपादित केलेला 'ट्वेंटिएथ-सेंच्युरी क्राइम अँड मिस्ट्री रायटर्स' (१९८०) या सर्वांपेक्षा शिस्तीचा. प्रत्येक लेखकाचं अल्पचरित्र, टोपणनावांनुसार लावलेली ग्रंथयादी, जमेल तिथे लेखकाचं स्वतःचं म्हणणं आणि शेवटी समीक्षकाचा सहीनिशी लेख. मुंबईच्या वाचकाला अशा कोशांत ओळखीचा माणूस भेटतो तो एच. आर. एफ. कीटिंग यांच्या नावापाशी. मुंबई सीआयडीतला इन्स्पेक्टर गणेश घोटे हा त्यांचा नायक. 'द परफेक्ट मर्डर' (१९६४) त्यांनी भारतात पाऊलही न ठेवता लिहिली. मुंबई त्यांनी पाहिली ती सुमारे दहा वर्षांनी. पुढे याच कादंबरीवरच्या चित्रपटात नसीरुद्दीन शाह घोटे झाले. कीटिंग स्वतः उत्तम समीक्षक आणि या विषयावरच्या संदर्भग्रंथांचे संपादकही होते.

हेरकथांचं दालन मात्र सावधपणे उघडावं लागतं. इथे लेखकाचं चरित्रच संशयित. ई. हॉवर्ड हंट हा सीआयएचा अधिकारी डेव्हिड सेंट जॉन आणि अशाच इतर नावांनी कादंबऱ्या लिहीत होता. १९७२ मध्ये वॉटरगेट प्रकरणात आरोपी ठरला तेव्हा ती टोपणनावं सर्वतोमुखी झाली. डेव्हिड कॉर्नवेल यांनी 'जॉन ल कारे' हे नाव घेतलं, कारण नोकरीत असताना स्वतःच्या नावानं छापायची मुभा नव्हती. आपण गुप्तहेर खात्यात होतो, हे त्यांनी पुढे कितीतरी वर्षं नाकारलं. त्या काळात छापलेल्या कोशात त्यांच्याविषयी जे लिहिलं गेलं, ते कोशकारानं प्रामाणिकपणे लिहूनही अपुरं होतं.

प्रामाणिकपणाच नसेल तर काय होतं, याचंही उदाहरण याच दालनात आहे. 'हूज हू इन स्पाय फिक्शन' (१९७७) हा हेरकथाकारांचा चरित्रकोश डोनाल्ड मॅककॉर्मिक यांचा. ते युद्धकाळात नौदलाच्या गुप्तवार्ता विभागात होते, नंतर 'संडे टाइम्स'मध्ये इयान फ्लेमिंगच्या हाताखाली. अधिकारी माणूस, असंच कुणालाही वाटेल. पण 'रिचर्ड डीकन' या टोपणनावानं त्यांनी हेरगिरीच्या इतिहासावर ढीगभर लिहिलं, आणि त्यांतले आधार नंतरच्या अभ्यासकांना सापडेनात. १९७९ मधल्या त्यांच्या 'द ब्रिटिश कनेक्शन'मध्ये भौतिकशास्त्रज्ञ रुडॉल्फ पायर्ल्स यांच्यावर संशय घेतला होता. पायर्ल्स वारले आहेत अशी लेखकाची समजूत होती. ते हयात होते. ते कोर्टात गेले आणि पुस्तक बाजारातून मागे घ्यावं लागलं. माणूस जिवंत आहे की नाही, ही कोशाची पहिली नोंद. ती न तपासणाऱ्याच्या चरित्रकोशातलं कुठलंही विधान दुसऱ्या आधाराशिवाय मी घेत नाही.

हेगनच्या चुका आणि मॅककॉर्मिकच्या चुका यांत एक मोठा फरक आहे. हेगन ज्या पुस्तकांची नोंद करत होता ती कुणालाही काढून पाहता येत होती, म्हणून त्याच्या चुकांतून पुढची पक्की सूची जन्मली. मॅककॉर्मिकचा हवाला नेहमी कुठल्या तरी गुप्त सूत्राचा. तो तपासायचा कसा?

नोंदींचा उपयोग शेवटी वाचकालाच होतो. विलेटा हाइझिंग यांनी १९९० च्या दशकात स्त्री-लेखकांच्या मालिका क्रमानं लावून 'डिटेक्टिंग विमेन' काढलं, तेव्हा ग्रंथालयांत ते हातोहात वापरलं गेलं. ब्रिटिश लायब्ररीनं विस्मृतीत गेलेल्या गुन्हेकथा पुन्हा छापायला घेतल्या, तेव्हा जे. जेफरसन फार्जन यांची १९३७ मधली 'मिस्ट्री इन व्हाइट' २०१४ च्या नाताळात तुफान खपली. असं पुनर्मुद्रण करायचं तर लेखक कधी वारला हे माहीत हवं, कारण कॉपीराइटची मुदत तिथून मोजतात. ब्रिटनमध्ये ती मृत्यूनंतर ७० वर्षं, आपल्याकडे ६०.

आणि म्हणून बाबूराव अर्णाळकरांचा विचार केल्यावाचून राहवत नाही. चंद्रकांत सखाराम चव्हाण हे त्यांचं खरं नाव. झुंजार, धनंजय आणि काळापहाड या नायकांनी मराठी माणसाच्या कितीतरी दुपारी व्यापल्या. त्यांच्या पुस्तकांची संख्या कुणी हजाराच्या थोडी वर सांगतं, कुणी चौदाशेच्या पुढे नेतं. एका लेखकाच्या बाबतीत चारेकशे पुस्तकांचा फरक! विक्रम म्हणून ही संख्या अभिमानानं सांगितली जाते, पण पुस्तकागणिक यादी समोर असली तरच ती संख्या ठरेल. गुरुनाथ नाईकांची पुस्तकं बाराशेच्या आसपास सांगतात. गोलंदाज, गरुड, शिलेदार अशा प्रत्येक मालिकेची वेगळी रांग. सुहास शिरवळकरांचे दारा बुलंद, फिरोज इराणी, मंदार पटवर्धन आजही वाचक आठवणीनं मागतात.

मराठी रहस्यकथांची अशी यादी करण्याच्या कामाला पाया आहे. १८६७ च्या कायद्यानं मुंबई इलाख्यात छापलेल्या पुस्तकांच्या तिमाही याद्या निघू लागल्या. त्यांत पानं, किंमत आणि छापलेल्या प्रतींची संख्यासुद्धा असे. शं. ग. दाते यांनी एकट्याच्या बळावर १८०० ते १९३७ आणि मग १९३८ ते १९५० ची 'मराठी ग्रंथसूची' केली. शरद साठे यांनी ती परंपरा १९५१ च्या पुढे नेली. १९५४ च्या कायद्यानं मुंबईतल्या एका ग्रंथालयाकडे प्रत्येक पुस्तकाची प्रत जाणं बंधनकारक झालं. या सगळ्यातून रहस्यकथा वेगळ्या काढायच्या, नायकानुसार लावायच्या, कुठली नवी आणि कुठली नाव बदलून पुन्हा काढलेली हे ताडायचं. अनेक स्वस्त पुस्तकांवर साल छापलेलं नाही. तिथे मागच्या मलपृष्ठावरची 'आगामी पुस्तकं' ही जाहिरात, छापखान्याचा पत्ता आणि किंमत यांवरून काळ ठरवावा लागेल.

अर्णाळकर १९९६ मध्ये गेले, शिरवळकर २००३ मध्ये, नाईक २०२१ मध्ये. पण त्यांची पुस्तकं छापणाऱ्या, बांधणाऱ्या, त्यांवर मुखपृष्ठं रंगवणाऱ्या आणि ती सायकलवरून वाचनालयांत पोहोचवणाऱ्या पिढीतली काही माणसं अजून भेटतील. कुठल्या महिन्यात किती पुस्तकं निघायची, एखाद्या मालिकेत दुसऱ्या कुणी हात लावला होता का, हे कागदावर नाही. त्यांना विचारावं लागेल. जुनी वाचनालयं जागेअभावी पुस्तकं रद्दीत काढण्याआधी निदान प्रत्येक पुस्तकाचं मुखपृष्ठ, श्रेयनामावलीचं पान आणि मलपृष्ठ यांची छायाचित्रं घेऊन ठेवता येतील. हे काम कुठल्याही गावातल्या दोन वाचकांना या रविवारीसुद्धा सुरू करता येण्यासारखं आहे.