मुठ्याची गदा

वीकेंडला लवासाला निघालात की पिरंगुटनंतर मुठा गाव लागतं. आपण फार तर चहाला थांबतो, मग टेमघर, फोटो आणि परत. पण मला विचाराल, तर या गावाची खरी ओळख नदी-धरणापेक्षा कुस्ती आहे.

आपलं जिम म्हणजे खासगी मामला. तालमीत तसं नसतं. मैदानात पैलवानाचं नाव पुकारतात ते गाव आणि वस्तादासकट. तो हरला तर गाव हरतं. उत्तर अमेरिकेतल्या हौडेनोसौनी या मूलनिवासींचं लॅक्रॉसशी असंच नातं आहे. २०१० मध्ये ब्रिटनने त्यांचे स्वतःचे पासपोर्ट मानले नाहीत, तेव्हा त्यांनी वर्ल्ड चॅम्पियनशिप सोडली. दुसऱ्या देशाच्या पासपोर्टवर गेले नाहीत!

आपल्याकडे हा मान महाराष्ट्र केसरीचा. १९६१ पासून ही स्पर्धा होते. कुस्तीगीर परिषद उभी करणारे मामासाहेब मोहोळ मुळशीचेच. त्यांच्या स्मरणार्थ मोहोळ कुटुंब विजेत्याला चांदीची गदा देत आलं. २०२४ मध्ये पुण्याचे खासदार आणि केंद्रात राज्यमंत्री झालेले मुरलीधर मोहोळ मुठ्याचे, तेही एकेकाळचे पैलवान. थोडक्यात काय, इथे आखाड्यातून राजकारणाकडे जाणारी वाट जुनीच आहे.

फेब्रुवारी २०२५ मध्ये अहिल्यानगरला मूळच्या मुठ्याच्याच पृथ्वीराज मोहोळने गदा जिंकली. पण त्या दिवशी गाजला तो राडा. गादी विभागाच्या फायनलचा निकाल न पटल्याने शिवराज राक्षेने पंचाला लाथ मारली. शेवटच्या लढतीत महेंद्र गायकवाड चिडून मॅट सोडून गेला. दोघांवर तीन-तीन वर्षांची बंदी आली. दोन महिन्यांच्या आतच कर्जतला दुसऱ्या संघटनेची स्पर्धा झाली आणि वेताळ शेळके जिंकला. एका वर्षात दोन महाराष्ट्र केसरी!

तुम्ही म्हणाल, होऊ देत की दोन. पण हा किताब म्हणजे नुसता फेटा आणि मिरवणूक नाही. नरसिंग यादव, विजय चौधरी हे तीन-तीन वेळा महाराष्ट्र केसरी झालेले पैलवान पुढे पोलिस उपअधीक्षक झाले. दूध, तूप, बदामाच्या खुराकावर घरं वर्षानुवर्षं पैसा ओततात, ते अशा दिवसासाठी. नेत्यांच्या भांडणात किताबाचीच किंमत उतरली, तर नुकसान नेत्यांचं होत नाही. ते होतं पहाटे चारला उठून जोर मारणाऱ्या पोराचं.