चिपाडाची वीज आणि सभासदाचा हिशेब



दसऱ्याच्या सुमारास बॉयलरचे अग्निप्रदीपन होते, नारळ फुटतो, फोटो निघतो आणि आपण घरी येतो. पुढे सारा हंगाम त्या बॉयलरकडे कुणी ढुंकूनही बघत नाही. सगळ्यांचे डोळे काट्यावर आणि उताऱ्यावर. पण गेल्या तीसेक वर्षांत साखर धंद्यात जो मोठा बदल झाला, तो याच बॉयलरमध्ये झाला. त्यासाठी कारखाने जे कर्ज काढतात, ते शेवटी फिटते सभासदाच्या उसातूनच. म्हणून हे चार शब्द.

एक टन ऊस गाळला की साधारण २८० ते ३०० किलो चिपाड निघते. त्यात निम्मे पाणीच. जुन्या काळी ते जाळणे म्हणजे कचरा उरकणेच होते. बॉयलरचा दाब २१ किलो, फार तर ३२. तेवढ्या वाफेवर मिलचे रोलर फिरत, रस आटे आणि चिपाड संपून जाई. थोडेफार उरले तर कागद कारखान्याला.

को-जन प्रकल्पांत हा दाब ६७, ८७ आणि काही ठिकाणी ११० किलोपर्यंत गेला आहे. यातली खुबी अशी, की खरे जळण लागते ते पाण्याची वाफ करायला. एकदा वाफ झाली, की तिचा दाब आणि उष्णता चढवायला थोडेच जादा जळण पुरते. पण ८७ किलो दाबाची, पाचशे अंशांवरची वाफ टर्बाइनमधून गेली, की वीज कितीतरी जास्त देते. बाहेर पडताना तिचा दाब दीड-दोन किलोवर आलेला असतो, आणि हीच थकलेली वाफ पुढे रस आटवायला जाते. दिवसभर नांगर ओढलेली बैलजोडी संध्याकाळी गाडीला जुंपावी, तसे हे. बैल कुरकुर करतील, वाफ करीत नाही.

अशा प्रकल्पात टनामागे शंभर युनिटांच्या आसपास वीज होते. पंचवीस-तीस युनिट कारखाना स्वतः खातो, बाकी विकता येते. एकरी चाळीस टन काढणाऱ्याने गुणाकार करून पाहावा. त्याच्या एका एकराच्या चिपाडातून अडीच-तीन हजार युनिट विक्रीला निघतात.

आता गोड बोलणे पुरे. हंगाम चार-पाच महिन्यांचा, व्याज बारा महिन्यांचे. साठवलेल्या चिपाडावर प्रकल्प आणखी काही दिवस चालतो, तेवढेच. त्यात सौर वीज स्वस्त झाली. २०१७ साली राजस्थानात भडला इथे बोली युनिटला २ रुपये ४४ पैशांपर्यंत उतरली. चिपाडाची वीज सूर्य मावळल्यावरही चालते, हा तिचा गुण खरा. पण घेणारा आधी दर बघतो. ज्यांना वेळेवर चांगल्या दराचा करार मिळाला, त्यांना हप्ते सोपे गेले. उशिरा उतरलेल्यांना तसा दर मिळणे अवघड झाले.

म्हणून आता भर वाफ वाचवण्यावर आहे. पूर्वी टनाला ५०० किलोच्या आसपास वाफ लागे; सुधारलेल्या मांडणीत ती ४०० च्या खाली आणता येते. इथे आपलाही हात लागतो. उसाबरोबर पाचट, वाढे आणि माती गव्हाणीत गेली, की साखर तर बुडतेच, शिवाय माती बॉयलरच्या नळ्या झिजवते. यंत्राने तोडलेल्या उसात हे जास्त होते.

राहिला हिशेब. २०१२ साली रंगराजन समितीने सूत्र सुचवले, ते २०१३ च्या कायद्याने आपल्या राज्याने घेतले. साखर आणि चिपाड, मळी, प्रेसमड या उपपदार्थांच्या उत्पन्नात ऊस उत्पादकाचा वाटा ७० टक्के; एफआरपी मात्र कमीत कमी मिळालीच पाहिजे. यात धरतात ते चिपाडाचे मूल्य, विजेचा नफा नव्हे. कारखाना ते चिपाड बाजारात विकत नाही, स्वतःच्याच बॉयलरला घालतो. मग त्याचा टनाला भाव कुठला धरला? भाव कमी धरला, तर को-जनचा नफा फुगतो आणि उसाच्या दरातला वाटा आटतो. वार्षिक अहवाल हाती आला, की हा एक आकडा शोधून त्याखाली रेघ मारा आणि सभेत विचारा.