शिल्लक गाणी आणि तीन तारखा

पनवेलला आमच्या घरी चुलतभावाची एक सीडी होती. वर मार्करने नाव खरडलेलं. मला वाटायचं, दादाने कुणाकडून तरी कॉपी करून आणली असणार. पुढे कळलं, ‘सिस्टम ऑफ अ डाउन’ या हेवी मेटल बँडचा ‘स्टील धिस अल्बम!’ अधिकृतपणेच तसा दिसतो. घरी कॉपी केल्यासारखा.

त्याला कारण आहे. आर्मेनियन वंशाच्या या चौघा अमेरिकी वादकांचा ‘टॉक्सिसिटी’ सप्टेंबर २००१ मध्ये आला. त्या वेळची शिल्लक गाणी पुढे अर्धवट अवस्थेतच इंटरनेटवर फुटली. मग बँडने ती पूर्ण करून २६ नोव्हेंबर २००२ ला १६ गाण्यांचा अल्बम काढला. नावात ॲबी हॉफमनच्या १९७१ च्या ‘स्टील धिस बुक’चा संदर्भ आहे.

आता संशोधनाचा मुद्दा. यातलं ‘बूम!’ हे युद्धविरोधी गाणं. माझ्या सिनॉप्सिसमध्ये मी बिनधास्त लिहिलं होतं, ‘इराक युद्धाविरुद्धच्या मोर्चांतून जन्मलेलं गाणं’. गाईड मॅडमनी एकच प्रश्न विचारला, “मोर्चे कधीचे?” मायकेल मूरने केलेल्या व्हिडिओत दिसणारे मोर्चे १५ फेब्रुवारी २००३ चे. म्हणजे गाणं आधीचं, मोर्चे नंतरचे! माझं अख्खं प्रकरण उलटं झालं. पण खरा प्रश्न तिथेच सापडला: आधीच लिहिलेलं गाणं आंदोलनाचं कसं होतं?

म्हणून अशा संग्रहाला तीन तारखा विचारा. गाणं तयार कधी झालं? प्रसिद्ध कधी झालं? लोकांनी ते कशासाठी वापरलं, आणि कधी? चौथा प्रश्न निवडीचा. शिल्लक म्हणजे टाकाऊ नव्हे. ‘टॉक्सिसिटी’च्या सलग रचनेत ही गाणी बसली नाहीत, दर्जा कमी नव्हता, असं बँडचं म्हणणं. अर्थात हे बँडचं म्हणणं आहे, पुरावा नाही, तसंच नोंदवा.

हेच आपल्याकडे लावून बघा. धोबीतलावच्या रंगभवनात वर्षानुवर्षं ‘इंडिपेंडन्स रॉक’ गाजलं. तिथे वाजवलेल्या किंवा ऐकायला गेलेल्या कुणाच्या कपाटात कॅसेट असू शकते. बुरशी लागायच्या आत ती मागा, आणि कव्हरवरची तारीख आधी उतरवून घ्या. ती रेकॉर्डिंगची की कॉपीची, हेही विचारा बरं का!