ढोली बघणारा माणूस

पहाटे ४:३५

कास्काव्हेल. मॉरिशसचा पश्चिम किनारा, उसाच्या शेतांना लागून असलेलं गाव. भाऊ उठलेत, चहा झालाय. घरातली बोली क्रेऑल, पण भिंतीवर गणपती आहे आणि गणेशचतुर्थीला इथे सरकारी सुट्टी असते. पूर्वज रत्नागिरीकडून आलेले. मुंबई बंदरातून गिरमिटावर, महिना पाच रुपयांच्या कराराने, ऊस तोडायला. भाऊंचे आजोबा ऊसच तोडत होते. भाऊ झाडांवर चढतात.

डब्यात फराटा, म्हणजे इथला पराठा, आणि बटाटा. शिवाय कोपऱ्यावरच्या दुकानातून दोन पाव. सरकारने भाव बांधलेला छोटा पाव. "जंगलात भूक दुप्पट लागते, ताई." भाऊंचं मराठी शाळेतलं आहे. सावकाश बोलतात, पण पूर्ण वाक्यं बोलतात. अधूनमधून थांबतात, मग क्रेऑल येतं.

पहाटे ५:०५

पिकअप आली. मागे दोर, शिडीचे तुकडे, गोळी खाद्याचं पोतं, पाण्याचे कॅन. वाकोआ मागे टाकून गाडी चढाला लागते तशी हवा बदलते. खाली कास्काव्हेलला घाम येत होता, इथे सगळ्यांनी जाकिटं घातली. नोव्हेंबर म्हणजे इथला उन्हाळा, पण पेत्रँला उन्हाळ्यातही धुकं असतं.

भाऊ एका वन्यजीव संस्थेत फील्डवर आहेत. पगार देशाच्या किमान वेतनापेक्षा थोडा वर. २०२४ साली ते किमान वेतन महिना १६,५०० मॉरिशस रुपये होतं. तेव्हाचे आपले साधारण तीस हजार. वर्षाला बुटांच्या दोन जोड्या फाटतात. एक संस्था देते, दुसरी खिशातून.

सकाळी ५:५५

पेत्रँ. ब्लॅक रिव्हर गॉर्जेस राष्ट्रीय उद्यानाचं वरचं तोंड. साडेसहा हजार हेक्टरचं उद्यान, १९९४ साली झालेलं. उतरल्याबरोबर ब्रशने बुटांचे तळवे घासायचे, मग जंतुनाशकाच्या तबकात उभं राहायचं. बुटाला चिकटून कुठलं बी आत जाऊ नये, कुठला रोगही जाऊ नये.

बी जायचं ते कधीच गेलंय. वाटेच्या दोन्ही बाजूंना चिनी पेरू इतका दाट की हात घालायला जागा नाही. त्याच्यावर लिगुस्ट्रमची झुडपं. मधूनच पाइनच्या रांगा. १९७० च्या दशकात या पठारावरचं मोठं देशी रान तोडून पाइन लावले होते. आज बेटावर चांगलं म्हणावं असं देशी जंगल दोन टक्क्यांहून कमी उरलंय.

आणि पाखरं? पहिली शीळ ऐकली ती बुलबुलाची. आपला लाल गालांचा, शेंडीवाला. मग साळुंकी. वाटेत मुंगूस आडवं गेलं. तिघंही माणसांनी भारतातून आणलेली. मला घरी आल्यासारखं वाटायला लागलं होतं. भाऊंना तसं वाटत नसावं.

सकाळी ६:३०

दाणापाण्याची जागा. खांबावर स्टीलचे डबे, पुढे फळी. भाऊ झाकण काढून कालचे ओले गोळे खरवडतात, डबा घासतात, पुसतात, मग पोत्यातून नवे गोळे ओततात. घासायला वेळ जास्त लागतो, भरायला कमी. पोपट एकाच ताटात जेवतात, म्हणून ताट रोज स्वच्छ पाहिजे.

दहा मिनिटांत आले. आधी आवाज, जड आणि नाकातला. मग फांदीवर चार. हा एको. मास्करीन बेटांवर उरलेला शेवटचा देशी पोपट. पहिल्या नजरेला आपला राघूच. पण नीट बघा: हिरवा रंग गडद, अंग रुंद, शेपटी आखूड. नराची वरची चोच लाल. मादीची काळी. हे काळ्या चोचीचं लक्षात ठेवायचं, पुढे लागणार आहे.

१९८० च्या दशकात हे पक्षी जेमतेम दहा-बारा उरले होते. वेल्समधून १९७९ साली आलेले कार्ल जोन्स आणि त्यांच्याबरोबरची माणसं खपली. घरट्यातली जादा पिल्लं उचलून खाली ब्लॅक रिव्हरच्या केंद्रात हाताने भरवली, वाढवली, परत रानात सोडली. आज सातशेच्या वर आहेत. घरट्यासाठी लावलेल्या लाकडी पेट्या आणि डब्यातलं खाणं रानातले पक्षी आधी घेत नव्हते. हाताने वाढलेल्यांनी घेतलं, मग त्यांचं बघून बाकीच्यांनी.

सकाळी ७:४०

पहिलं घरटं. तातामाकाचं म्हातारं झाड, ढोली दहा मीटरवर. भाऊ मोठी गलोल काढतात. शिशाच्या वजनाला बारीक दोरी बांधलेली. पहिला नेम चुकला. दुसरा फांदीवरून पलीकडे गेला. बारीक दोरीला जाड दोर बांधून ओढून घेतला, हार्नेस कसला, जुमार, म्हणजे दोरावर चढायच्या पकडी, लावले. खाली दोर धरायला इंग्लंडहून आलेली एक तरुण स्वयंसेविका. तिला पगार नाही, राहण्याखाण्यापुरता भत्ता.

भाऊ पंचेचाळिशीचे आहेत. चढताना बोलत नाहीत. जुमार वर सरकवायचा, पाय ताठ करायचे, श्वास. परत. पाच मिनिटांत ढोलीपाशी.

आत एक पिल्लू. एको मादी दोन-चार अंडी घालते, पण बहुधा एकच पिल्लू वाढून उडतं. कापडी पिशवीत घालून दोरीने खाली येतं. स्प्रिंगकाट्यावर दीडशे ग्रॅमच्या थोडं वर. स्वयंसेविका पायात कड्या घालते, एक नंबराची, बाकी रंगांच्या. पिल्लू पंचेचाळीस दिवसांच्या आसपास झालं की रक्ताचा थेंब घ्यायचा. सुई, बारीक नळी, अल्कोहोलची कुपी. कुपीवर पेन्सिलीने नंबर, कारण शाई अल्कोहोलने पुसते.

रक्त कशासाठी? चोच-पिसांच्या रोगासाठी. पोपटांचा विषाणू. पिसं पिवळी पडतात, झडतात, चोच बिघडते. औषध नाही. २००५ च्या सुमारास या रानात मोठी साथ आली तेव्हा पिल्लं उचलून वाढवायचं काम थांबवावं लागलं. हाच विषाणू बेटावरच्या पाहुण्या पोपटांतही सापडतो. ढोलीत तो बरेच दिवस टिकतो. म्हणून एका घरट्यावरून दुसऱ्याकडे जाताना हात, दोराचं टोक, काटा, पिशवी, सगळं फवारायचं. हातमोजे फेकायचे.

पिल्लू परत वर गेलं. ढोलीतल्या भुश्यावर भाऊंनी कीटकनाशकाची पूड भुरभुरली. माश्यांच्या अळ्या पिल्लांचं रक्त पितात.

सकाळी १०:१५

रानाच्या कडेची पेटी. पाइन जिथे संपतात तिथली.

भाऊ वर गेले, झाकण उघडलं, लगेच बंद केलं आणि खाली उतरले. "तीन अंडी."

मला आनंद झाला. त्यांना झाला नाही. अंडी पांढरी. एकोची पांढरी असतात, आणि पाहुण्याचीही. अंड्यावरून कळत नाही, आईवरून कळतं. म्हणून आम्ही पेरूच्या आड बसलो. डास. बारीक पाऊस. पाव खाल्ला.

पाहुणा म्हणजे आपला पोपट. मुंबईत वडावर कलकलाट करतो तो, पुण्यात पेरू अर्धा खाऊन टाकून देतो तो, गळ्यात गुलाबी कंठ असलेला. १८८६ च्या सुमारास पिंजऱ्यातून सुटले आणि इथे रमले. ऊस, मका, लिची, आंबा, बंगल्यांच्या बागा, सगळं मानवलं. रान लागतं ते फक्त घर करायला. चोचीने ढोली कोरून काढण्याचं काम त्याला जमत नाही. एकोलाही जमत नाही. दोघांना तयार ढोली लागते, आणि ती म्हाताऱ्या झाडातच असते. म्हातारी झाडं बरीचशी माणसांनी तोडली, काही चक्रीवादळांनी पाडली. उरलेल्या ढोल्यांवर पांढरे समुद्रपक्षी, साळुंक्या, मधमाश्या, उंदीर यांचाही डोळा. दोन्ही पोपट अंगाने जवळपास सारखे. ज्या भोकातून एको जातो त्यातून हाही जातो. भोक लहान करून भागत नाही.

४० मिनिटांनी मादी आली. पेटीच्या तोंडाशी बसली, मान वाकडी करून खाली पाहिलं. चोच लाल.

भाऊंनी संस्थेला फोन लावला. रेंज येईना. वीस पावलं वर जाऊन परत लावला. बोलणं अर्ध्या मिनिटाचं. "काढा म्हणाले."

परत चढले. अंडी छोट्या डब्यात घेतली, भुसा पोत्यात भरला, पेटी आतून फवारली, तोंडावर पत्र्याची पट्टी लावली. चार स्क्रूंपैकी एक गंजलेला, फिरवताना डोकं तुटलं. तीनवरच भागवलं. मादी समोरच्या पाइनवरून ओरडत होती. तो आवाज मी लहानपणापासून रोज ऐकलाय. इथे तो ऐकताना मान वर करावीशी वाटली नाही.

दुपारी १२:३०

फराटा. भाऊ दगडावर, बूट काढून, मोजे वाळत घालून.

सेशेल्सच्या माहे बेटावरही हाच पोपट पसरला होता. तिथे त्यांनी तो संपवला, पाचशेहून जास्त पक्षी मारून. "इथे नाही होणार," भाऊ म्हणतात. "इथे खूप झाले." स्पेनमध्ये सेव्हिलच्या एका बागेत तो मोठ्या वटवाघळांना ढोल्यांतून हुसकून लावतो, चावून मारतोसुद्धा. लंडनच्या बागांमध्ये थवेच्या थवे आहेत. हे सगळं स्वयंसेविकेने सांगितलं. तिच्या आईच्या परसात दाण्याच्या डब्यावर पोपट बसले की बाकीची पाखरं लांब राहतात म्हणे.

भाऊंनी एक गोष्ट घातली. एकोची पिल्लं हाताने वाढवायची हे कुणालाच येत नव्हतं, तेव्हा आधी हात बसवला तो याच पाहुण्या पोपटांवर. "याच्यावर शिकलो, आता यालाच हाकलतो." हसले, मोजे उलटे केले.

दुपारी १:४५

आणखी तीन पेट्या. एकीत मधमाश्या, लांबूनच नोंद. एकीत काही नाही. एकीत पिल्लू, तब्येत चांगली, भाऊंच्या अंगठ्याला चावलं. पाऊस वाढला. ओला दोर जड होतो आणि जुमार घसरतो, म्हणून चौथी पेटी सोडली.

दुपारी ४:१०

केंद्रावर परत. दोर धुऊन सावलीत टांगले. उन्हात टांगले तर कमजोर होतात, आणि दोर महाग. कुप्या फ्रीजमध्ये. अशीच रक्ताची कुपी पूर्वी इंग्लंडला केंट विद्यापीठापर्यंत गेलीय. तिथे विषाणूवर बरंच काम झालंय. निकाल यायला वेळ लागतो. तोवर पिल्लू उडून गेलेलं असतं. तीन अंड्यांचा डबा भाऊंनी टेबलावर ठेवला, चिठ्ठी लावली, तारीख घातली.

संध्याकाळी ५:४०

कास्काव्हेल. खाली पुन्हा उकाडा. गल्लीच्या तोंडाशी शेजाऱ्यांचं लिचीचं झाड, फळं तांबूस व्हायला लागलेली. म्हातारे शिडीवर, बायको खाली जाळं सोडवतेय. जाळ्यांना सरकारचं अनुदान मिळतं, पण मजूर लावावा लागतो आणि मजूर या दिवसांत मिळत नाही. रात्री वटवाघळं, दिवसा पोपट. वटवाघळांवरून इथे मोठं राजकारण झालंय. सरकारने हजारोंनी मारली, तीही देशीच, जगात दुसरीकडे जवळजवळ नसलेली. पोपटावरून तेवढं होत नाही.

तेवढ्यात थवा आला. तीस-चाळीस, लांब शेपट्या, सरळ रेषेत, किनाऱ्याकडच्या माडांवर रात्र काढायला. जाताना दोघं-तिघं लिचीवर उतरले.

"तुमचे पोपट आले!" शिडीवरून म्हातारे ओरडले.

"माझे वरती असतात, काका. हे तुमचेच!" भाऊंनी पिशवी खाली ठेवली आणि जाळ्याचं दुसरं टोक धरलं. अर्धा तास गेला. काकूंनी वाटीभर लिची दिल्या. अजून आंबट होत्या.

संध्याकाळी ७:३०

जेवण झालं. मुलगी टेबलाच्या एका बाजूला गणित करतेय, दुसऱ्या बाजूला भाऊंची वही. घरटं, वेळ, वजन, कडीचे रंग. कडेच्या पेटीपुढे लिहिलं: पाहुणा, अंडी ३, काढली, पेटी बंद, स्क्रू ३. बंद ठेवली तर यंदा ती एकोलाही मिळणार नाही. उघडी ठेवली तर आठवड्यात दुसरी जोडी शिरेल. कुठली ते सांगता येत नाही. पट्टी कधी काढायची ते वरून ठरेल.

मग फोन, पिकअपच्या ड्रायव्हरला. उद्या वाकोआला हार्डवेअरच्या दुकानापाशी पाच मिनिटं थांबायचं. स्क्रू घ्यायचेत, स्टेनलेसचे. साध्याहून तिप्पट भाव, पण साधे वरच्या पावसात एक हंगाम काढत नाहीत. दुकान सातला उघडतं. म्हणजे निघायचं उशिरा, म्हणजे दाणापाणी उशिरा. ड्रायव्हर काहीतरी कुरकुरला. भाऊ म्हणाले, बरं, मग येताना घेऊ, आणि वहीत स्क्रूपुढे परवाची तारीख घातली.