अद्वैतातला एच

नोकरीनिमित्त बंगळूरला स्थायिक झालेल्या मराठी दांपत्याने मुलाचे नाव ‘अद्वैत’ ठेवावे, रोमन लिपीत ते ए-डी-व्ही-ए-आय-टी-एच असे लिहून बारशाची पत्रिका नातेवाइकांना धाडावी, आणि नाव ठेवण्याचा मान ज्यांचा त्या साताऱ्याच्या आत्याबाईंनी फोनवरून विचारावे, “अरे, हे अद्वैथ काय काढलंस?”, हा प्रसंग अलीकडे अनेक घरांत घडत असला पाहिजे. आत्याबाईंची शंका रास्त आहे. पण तो एचही चुकलेला नाही. हा तंटा खरे पाहता दोन इलाख्यांच्या लेखनरूढींचा आहे.

रोमन लिपीला आपला त आणि ट निरनिराळे दाखविता येत नाहीत. विल्यम विल्सन हंटर यांच्या नावाने एकोणिसाव्या शतकात सरकारी दप्तरांत जी लिप्यंतराची पद्धत रूढ झाली, तिच्या वळणाने आपल्याकडे दोहोंसाठी एकच टी आला आणि एच महाप्राणासाठी राखला गेला. ‘ठाणे’ किंवा ‘मराठी’ यांत तो आपल्याला ठ सांगतो तो यामुळेच. दक्षिणेत, जेथे तमिळ लिपीला त आणि थ असा भेदच ठाऊक नाही, तेथे एच मोकळा होता. त्याला दन्त्य त ची खूण म्हणून कामास लावले आणि सुटा टी ट कडे सोपविला. कन्नड लिपीत त, थ, ट, ठ ही चारही अक्षरे मराठीइतकीच स्वच्छ असूनही रोमन लिहिताना कानडी माणसाने हीच दक्षिणी रूढी उचलली, म्हणून तेथील लता, गीता, सविता आणि रोहित या सर्वांच्या नावांत एच असतो; आणि पुण्याहून बदली होऊन आलेली बिनएचाची लता तेथील वर्गात एखाद्या दिवशी ‘लटा’ म्हणून पुकारली गेली, तर त्यात शिक्षिकेचा काही अपराध नाही. व्ही आणि डब्ल्यू यांचा घोळ आणखी निराळा. जुन्या मराठी घरांतील ‘अद्वैत’ डब्ल्यूने लिहिलेला सापडतो, नव्या घरांतील बहुधा व्हीने. फार कशाला, ज्या शहरात हा प्रश्न उद्भवतो त्या शहरानेच 1 नोव्हेंबर 2014 रोजी आपले रोमन अक्षरलेखन रीतसर बदलून घेतले. बेळगाव आणि म्हैसूर यांच्यासह राज्यातील बारा शहरांची रोमन रूपे त्या दिवशी पालटली. बंगळूरच्या बाबतीत कन्नडमध्ये मात्र पालटण्यासारखे काही नव्हते, कारण बेगूर येथील नवव्या शतकाच्या अखेरच्या शिलालेखातही नाव ‘बेंगळूरु’ असेच आढळते. त्यातील ळ साठी रोमन लिपीपाशी आजही एल खेरीज काही नाही, ही गोष्ट वेगळी.

आता नावाविषयी. ‘द्वि’ आणि ‘इत’ यांपासून ‘द्वीत’, त्याचा भाव तो ‘द्वैत’, आणि त्याचा अभाव ते ‘अद्वैत’, अशी परंपरागत व्युत्पत्ती आहे. मांडूक्य उपनिषदात चतुर्थ अवस्थेचे वर्णन करताना हा शब्द येतो; त्या उपनिषदावरील गौडपादांच्या कारिकांच्या तिसऱ्या प्रकरणाचे नावच ‘अद्वैत’ आहे; आणि शंकराचार्यांनी त्याला जी दर्शनाची प्रतिष्ठा दिली, तिचे एक पीठ कर्नाटकातच, चिक्कमगळूरु जिल्ह्यात तुंगेच्या तीरी शृंगेरीला आहे. आपल्याकडे मुकुंदराजांच्या ‘विवेकसिंधू’पासून ज्ञानेश्वरांच्या ‘अमृतानुभवा’पर्यंत ही विचारधारा मराठीत उतरली, पण व्यक्तिनाम म्हणून हा शब्द आपल्या पूर्वजांनी फारसा वापरला नाही, बंगालमध्ये मात्र चैतन्य महाप्रभूंचे ज्येष्ठ सहकारी कमलाक्ष हे ‘अद्वैताचार्य’ या नावाने ओळखले गेले. येथे एक सूचना करावीशी वाटते. उडुपीच्या मध्वाचार्यांनी तेराव्या शतकात जीव आणि ईश्वर यांचा भेद सत्य मानणारे द्वैतमत मांडले, आणि कर्नाटकात घरी मराठी बोलणारी माध्व देशस्थ कुटुंबे पुष्कळ आहेत. अशा घरातील सुनेने हे नाव सुचविण्यापूर्वी सासऱ्यांची मर्जी पाहून घ्यावी, हे बरे. याच नावाच्या शेजारी हल्ली ‘अद्विक’ हे रूप पुष्कळ दिसते आणि त्याचा अर्थ ‘अद्वितीय’ असा सांगितला जातो. कानाला ते गोड लागते, परंतु संस्कृत कोशाचा त्याला आधार नाही. ‘आरव’ची गत तर उलटी: त्याचा अर्थ ‘शांत’ म्हणून सर्रास सांगतात, आणि कोशात पाहावे तो आरव म्हणजे आवाज, गलका! तान्ह्या मुलाच्या दृष्टीने दुसरा अर्थच अधिक खरा, हा भाग निराळा.

एच चिकटण्याचे दुसरे कारण मात्र रूढीचे नसून अंकांचे आहे. ‘कीरो’ या टोपणनावाने प्रसिद्ध झालेल्या आयर्लंडच्या विल्यम जॉन वॉर्नर याने ज्या तथाकथित खाल्डियन कोष्टकाचा प्रसार केला, त्यात ए आणि आय यांना एक, डी व टी यांना चार, व्ही व डब्ल्यू या दोहोंना सहा, तर एचला पाच गुण आहेत. त्याप्रमाणे बिनएचाच्या अद्वैताची बेरीज 17, म्हणजे मूलांक आठ, तो शनीचा. त्यामुळे पालक घाबरतात. एच जोडला की 22, त्यापुढे आणखी एक ए जोडला की 23, आणि हा आकडा त्या शास्त्रात परम भाग्याचा समजतात. गंमत अशी की, पायथागोरसच्या नावावर चालणाऱ्या दुसऱ्या कोष्टकात तेच बिनएचाचे नाव 21 होते आणि शनीचा सारा धाकच नाहीसा होतो. या विद्येचे उपासक लहान माणसांतच असतात असे नाही. मेलुकोटे येथे जन्मलेल्या जयललिता यांनी 2001 मध्ये नावाच्या शेवटी एक ए वाढविला, बी. एस. येडियुरप्पा यांनी 2007 मध्ये एक आय गाळून डी दुप्पट केला आणि 2019 मध्ये पुन्हा मूळ लेखनाकडे परतले. कन्नड आणि तमिळ लिपींतील त्यांची नावे या सर्व उलाढालीत होती तशीच राहिली.

अक्षरांतून अंक काढण्याची विद्या आपल्याकडे नव्हती असे नाही, आणि तिचा उत्तम नमुना पाहण्यास बंगळूरच्या कोणत्याही कर्नाटक संगीताच्या शिकवणीत जावे. कटपयादी पद्धतीत म ला पाच आणि च ला सहा. अंक उलटे वाचावयाचे, म्हणून कल्याणी हा पासष्टावा मेळ ‘मेचकल्याणी’ झाला. ध चे नऊ, र चे दोन, म्हणून एकोणतिसावा शंकराभरण ‘धीरशंकराभरण’ झाला. रागांच्या नावांत आकड्यासाठी अक्षरे जोडलीच. परंतु तेथे गणना उच्चारलेल्या वर्णाची आहे, त चे सहा तर थ चे सात, आणि जे कानाला ऐकू येत नाही त्याला किंमत नाही. मुक्या एचाला भाग्य चिकटविण्याची कल्पना त्या पद्धतीत उभीच राहू शकत नाही.

दोन भाषांच्या सीमेवर नावाची रूपे बदलतात, याचा दाखलाही याच शहरात आहे. बंगळूरची जहागीर ज्यांना मिळाली त्या शहाजीराजांचे नावच, परंपरेप्रमाणे, अहमदनगरच्या शाह शरीफ पिरावरून ठेवलेले. त्यांचे येथील पुत्र कागदोपत्री कोठे व्यंकोजी तर कोठे एकोजी. आणि त्यांच्या तंजावरच्या वंशातील शरभोजींना इंग्रजांनी ‘सर्फोजी’ करून टाकले. त्या काळी जन्मदाखला नव्हता, म्हणून निभावले.

आज निभावत नाही. 1 ऑक्टोबर 2023 पासून अमलात आलेल्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्याच्या दुरुस्तीनुसार त्या तारखेला वा त्यानंतर जन्मलेल्यांना शाळाप्रवेशापासून वाहनपरवान्यापर्यंत जन्मदाखला हाच आधार आहे, आणि कर्नाटकात तो कन्नड व इंग्रजी अशा दोन लिपींत मिळतो. तेव्हा बंगळूरच्या मराठी पालकांनी मूल कोठे वाढणार ते पाहून एच घ्यावा किंवा सोडावा, अंकांचे भय धरू नये, आणि कन्नड रकान्यात शेवटी ‘त’च आहे ना हे कारकुनाच्या खिडकीपाशीच, ती भाषा वाचता येणाऱ्या शेजाऱ्याकडून तपासून घ्यावे. घाई करण्याचे कारण नाही: जन्माची वर्दी 21 दिवसांत द्यावी लागते, नावाचा रकाना मात्र कोरा ठेवता येतो, आणि नोंदणीपासून बारा महिन्यांच्या आत नाव भरल्यास त्यास शुल्क पडत नाही.