बाजार मोकळा झाला, जन्माची नोंद मोकळी झाली नाही!

चीनचे नाव निघाले की आपल्याकडे दोन प्रकारचे वक्ते उभे राहतात. एक सांगतो, चीनने योजना सोडली, बाजार धरला आणि तो श्रीमंत झाला; म्हणून सरकारने सगळ्यातून अंग काढून घ्यावे. दुसरा सांगतो, चीनने समाजवाद विकून खाल्ला. आमचे म्हणणे असे की, हे दोघेही अर्धाच इतिहास सांगतात. ज्या शेतकऱ्याने अंगठा उमटवून ही सुधारणा सुरू केली आणि ज्या मजुराने तिची किंमत मोजली, ते दोघेही या भाषणांत कुठेच नसतात. म्हणून आज आम्ही त्या दोघांविषयी लिहीत आहोत.

१९७८ चा हिवाळा. आन्हुई प्रांतातील फेंगयांग हा भाग भिकेसाठीच प्रसिद्ध होता. पीक बुडाले की येथली माणसे ढोलकी घेऊन गावोगाव हात पसरत. त्याच भागातल्या शाओगांग गावातील १८ कुटुंबांचे कर्ते एका रात्री गुपचूप एकत्र जमले. जमीन, बैल, नांगर सारे कम्यूनचे होते. दिवसभर राबल्यावर कामाचे गुण मिळत आणि गुणांवर धान्य मिळे. जास्त राबणारा आणि कमी राबणारा दोघेही उपाशीच! या माणसांनी एका कागदावर ठरवले की, जमीन घराघरात कसायला वाटून घ्यायची, सरकारचा वाटा आधी द्यायचा आणि उरेल ते घरात ठेवायचे. पण त्या कागदावर आणखी एक अट होती. या गुन्ह्यासाठी कुणी तुरुंगात गेला, तर त्याची मुले १८ वर्षांची होईपर्यंत बाकीच्यांनी सांभाळायची. खाली अंगठे उमटवले गेले. वाचकहो, आपले शेत आपण कसायचे एवढ्यासाठी पोरांची सोय लावून ठेवावी लागत होती!

एवढे भय कशाचे होते? १९५८ साली माओ त्से तुंग यांनी ‘मोठी झेप’ जाहीर केली आणि खेडी कम्यूनमध्ये कोंबली गेली. वरच्यांना खूश करण्यासाठी खालच्या अधिकाऱ्यांनी पिकाचे खोटे आकडे कळवले. त्या खोट्या आकड्यांवर खरी लेव्ही वसूल झाली. गोदामात धान्य आणि झोपडीत उपासमार, अशी गत झाली. १९५९ ते १९६१ या काळात किती माणसे मेली, याचे अभ्यासकांचे अंदाज दीड कोटीपासून साडेचार कोटींपर्यंत जातात. आन्हुई प्रांताची त्यात सर्वांत वाईट दशा झाली. योजनेचा कागद वरून खाली येत होता, पण खालची भूक वर कळवण्याची सोयच नव्हती. कळवणारा ‘उजवा’ ठरून तुरुंगात जात होता.

तरीही योजनाकाळाने काहीच दिले नाही, असे म्हणणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. १९५० नंतरच्या भूसुधारणेत जमीनदारांच्या जमिनी कोट्यवधी गरीब शेतकऱ्यांना वाटल्या गेल्या. गावोगाव शाळा निघाल्या. ‘अनवाणी डॉक्टर’ खेड्यात पोहोचले. १९४९ साली सरासरी आयुष्य पस्तिशीच्या आसपास होते, ते सत्तरच्या दशकाअखेर पासष्टच्या पुढे गेले. पुढे शेनझेनच्या कारखान्यांत जी तरुण पिढी यंत्रावर उभी राहिली, ती लिहू-वाचू शकणारी आणि बऱ्यापैकी निरोगी होती. बाजाराने जे पीक कापले, त्याची पेरणी सार्वजनिक शाळेने आणि सार्वजनिक दवाखान्याने केली होती. बाजाराचे गोडवे गाणारे ही गोष्ट सोयीस्करपणे विसरतात.

आता गंमत पाहा. डेंग शियाओपिंग यांचे नेतृत्व स्थिर करणारी पक्षाची प्रसिद्ध बैठक डिसेंबर १९७८ मध्ये बीजिंगला झाली. सुधारणेचा आरंभ म्हणून याच बैठकीचा गौरव होतो. पण त्या बैठकीतल्या शेतीविषयक मसुद्याने घराघरात जमीन कसायला देण्यास मनाईच केली होती! शाओगांगच्या अंगठ्यांना आधार दिला तो आन्हुईचे पक्षसचिव वान ली यांनी. पीक वाढलेले दिसले, शेजारची गावे त्याच वाटेने निघाली आणि मग दिल्लीदरबाराप्रमाणे बीजिंगलाही जाग आली. १९८२ साली या पद्धतीला अधिकृत मान्यता मिळाली. १९८४ पर्यंत कम्यून इतिहासजमा झाले. १९७८ साली सुमारे ३० कोटी टन असलेले धान्योत्पादन १९८४ साली ४० कोटी टनांवर गेले. सरकारने १९७९ मध्ये धान्याचा खरेदीभाव वाढवला, त्याचाही यात हात होता. आणि जमीन विकली गेली नाही, हेही लक्षात घ्या. मालकी गावाच्या सामूहिक संस्थेकडेच राहिली, शेतकऱ्याला मिळाला तो कसण्याचा करार.

कारखान्यांतही योजना एका फटक्यात मोडली नाही. ठरलेला कोटा सरकारी भावाने द्यायचा आणि त्यावरचा माल बाजारभावाने विकायचा, अशी दुहेरी पद्धत आली. रशियात १९९२ साली भाव एकाएकी मोकळे सोडल्यावर जी वाताहत झाली, ती यामुळे चीनने टाळली. पण एकाच पोलादाला दोन भाव म्हटल्यावर साहेबलोक हात बांधून बसतील काय? सरकारी भावात उचलायचे आणि बाजारात विकायचे, हा अधिकाऱ्यांचा आणि त्यांच्या पोरांचा धंदा झाला. १९८८ साली महागाई अठरा टक्क्यांच्या वर गेली. १९८९ च्या तिआनआनमेन चौकातील असंतोषात लोकशाहीच्या मागणीबरोबर या लुटीची चीडही होती. त्या असंतोषाला उत्तर मिळाले ते बंदुकीचे. १९९२ साली डेंग यांनी दक्षिणेचा दौरा केला आणि त्याच वर्षी पक्षाने ‘समाजवादी बाजार अर्थव्यवस्था’ हे ध्येय मान्य केले. बाजाराला परवानगी मिळाली, तोंडाला मिळाली नाही.

आता आमच्या मुख्य मुद्द्याकडे येतो. चीनमध्ये ‘हुकोउ’ नावाची घरनोंदणी आहे. १९५८ च्या कायद्याने तिला आजचे रूप आले. माणूस शेतकी नोंदीचा की बिगरशेतकी नोंदीचा, हे त्याच्या गुणांवर नव्हे तर जन्मावर ठरे; १९९८ पर्यंत मुलाला आईचीच नोंद लागे. शहरी नोंद म्हणजे शिधा, नोकरी, घर, दवाखाना, पेन्शन. शेतकी नोंद म्हणजे गाव सोडायचे नाही आणि स्वस्तात धान्य देत राहायचे. ज्या समाजाने जन्मावरून माणसाची जागा ठरताना पाहिली आहे, त्याला याचा अर्थ वेगळा समजावून सांगण्याची गरज नाही!

ही व्यवस्था योजनेसाठी जन्मली. मग योजना गेली तेव्हा ती जायला हवी होती. १९९३ मध्ये धान्याची कुपने गेली. हुकोउ मात्र राहिला. का? कारण बाजारालाही तो सोयीचा होता! शहराला गावचा हात हवा होता, गावचा माणूस नको होता. कोट्यवधी तरुण-तरुणी शेनझेनला, ग्वांगझूला गेले. कारखान्याच्या खोल्यांत खाटेवर खाट टाकून राहिले. नोव्हेंबर १९९३ मध्ये शेनझेनच्या एका खेळण्यांच्या कारखान्याला आग लागली, तेव्हा खिडक्यांना गज आणि दारांना कुलपे होती. ऐंशीहून अधिक कामगार मेले. त्यात बहुतेक खेड्यातून आलेल्या मुली होत्या. जगातल्या लेकरांची खेळणी बनवताना त्या जळाल्या.

२००३ साली सुन झिगांग हा २७ वर्षांचा पदवीधर तरुण ग्वांगझूमध्ये तात्पुरत्या निवासाचा परवाना दाखवू शकला नाही, म्हणून पकडला गेला आणि कोठडीत मारहाणीने मेला. वृत्तपत्राने प्रकरण बाहेर काढले, कायद्याचे अभ्यासक उभे राहिले आणि त्याच वर्षी सरकारला ती अटक-आणि-परत-पाठवणीची पद्धत रद्द करावी लागली. एका मरणाने एक नियम गेला, पण मूळ नोंद राहिली. गावी आजी-आजोबांपाशी राहिलेल्या मुलांची संख्या २०१३ साली सहा कोटींच्या वर सांगितली गेली. २०१७ च्या नोव्हेंबरात बीजिंगच्या दाशिंग भागात आग लागून १९ जण दगावले, तर शहराने काय केले? सुरक्षिततेच्या नावाखाली स्थलांतरित कष्टकऱ्यांच्या वस्त्याच ऐन थंडीत रिकाम्या केल्या.

चीनने काहीच बदलले नाही, असे आम्ही म्हणत नाही. २००६ साली शेतीकर रद्द झाला. २००८ साली कामगार करार कायदा लागू झाला. २०१४ साली शेतकी आणि बिगरशेतकी हा नोंदीतला भेद पुसण्याचे ठरले. जागतिक बँकेच्या हिशेबाने चाळीस वर्षांत सुमारे ८० कोटी माणसे अतिदारिद्र्यातून बाहेर आली. मानवी इतिहासातली ही मोठी घटना आहे आणि ती नाकारणे करंटेपणाचे होईल. पण २०२० च्या जनगणनेत जवळपास ६४ टक्के लोक शहरात राहत होते आणि शहरी हुकोउ होता सुमारे ४५ टक्क्यांकडे. मधले लोक शहरात राबतात, पण शहराचे होत नाहीत. त्याच वर्षी पंतप्रधान ली केकियांग यांनी स्वतः सांगितले की, ६० कोटी लोकांचे मासिक उत्पन्न हजार युआनच्या आसपास आहे.

बाबासाहेबांनी १९४७ साली ‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’मध्ये मूलभूत उद्योग राज्याच्या मालकीचे आणि शेती हा राज्याचा उद्योग असावा, असे मांडले. जमीन जातीभेद न पाळता गावकऱ्यांना सामुदायिक शेतीसाठी द्यावी, असे सांगितले. मात्र हे सारे त्यांना संविधानात लिहिलेले आणि संसदीय लोकशाहीसह हवे होते. हुकूमशाहीच्या वाटेने नको होते. चीनचा अनुभव या अटीचे महत्त्व दाखवतो. जिथे उपाशी माणसाला बोलता येत नाही, तिथे योजना दुष्काळ घडवते. जिथे जन्माची नोंद पुसली जात नाही, तिथे बाजार स्वस्त मजूर घडवतो. मालकाचे नाव बदलते, खालचा खालीच राहतो.

म्हणून ‘योजना की बाजार’ या वादात आम्हाला कुणी ओढू लागला, तर आम्ही त्याला आधी एवढेच विचारू: तुमच्या व्यवस्थेत शाओगांगच्या शेतकऱ्याला पोरांची सोय लावून न ठेवता बोलता येईल काय? आणि शेनझेनच्या त्या मुलीला, जिथे ती राबते त्या शहराची नागरिक म्हणून जगता येईल काय? याचे उत्तर ‘होय’ असेल, तरच पुढचे बोलू!