त्याला आत घेतलं कुणी?

ड्रॅक्युला आमच्या घरी आला तो १९७८ च्या पावसाळ्यात, वाचनालयाचे खाकी कव्हर अंगावर घालून. आम्ही तेव्हा मालाडला चाळीतल्या दोन खोल्यांत राहत होतो. अण्णांना इंग्रजी कादंबऱ्यांचा नाद होता आणि वाचलेली कादंबरी रात्रीच्या जेवणानंतर आम्हा भावंडांना मराठीतून सांगण्याचा त्याहून मोठा. मी नववीत होते, धाकटा भाऊ पाचवीत. अण्णा गॅलरीत खुर्ची टाकून बसत, आम्ही उंबऱ्यावर; आणि आई आत ओटा आवरता आवरता कान बाहेर ठेवून असे.

अण्णांनी ती कादंबरी बारा-पंधरा रात्री पुरवली. भावाने तर संडासला जायचे तरी मला सोबतीला न्यायचा नेम धरला. एका रात्री गोष्ट ऐन रंगात आली होती. ल्यूसी नावाच्या तरुण मुलीचे रक्त रोज रात्री कुणीतरी पिऊन जाते आणि तिच्या रक्षणासाठी म्हातारा डॉक्टर व्हॅन हेल्सिंग खोलीभर लसणीची फुले टांगतो. तरी सकाळी पाहावे तो मुलगी पांढरीफटक! आम्ही दोघे गारठून गेलो होतो. तेवढ्यात आतून आईचा आवाज आला, "एवढी लसूण असून आला? मग त्याला आत घेतलं कुणी?"

अण्णा एकदम खूश झाले. म्हणाले, "अगं, अख्ख्या पुस्तकात विचारण्यासारखा प्रश्न हा एवढाच आहे."

मला त्या वयात तो प्रश्न अगदीच रुक्ष वाटला होता. सुळे, वटवाघळे, शवपेटी सोडून हे काय विचारायचे? पुढे मी सिनेमे पाहिले, पुस्तक स्वतः वाचले, आणि मागच्या वर्षी दिवाळीच्या तोंडावर आमच्याच घरात असे काही घडले, की आईचा तो प्रश्न माझ्यापाशी परत आला. ते मागाहून सांगते. आधी पुस्तकाविषयी.

ब्रॅम स्टोकर हा मूळचा आयरिश गृहस्थ. लंडनच्या लायसियम नाटकगृहाचा तो व्यवस्थापक होता. नटश्रेष्ठ हेन्री आयर्व्हिंगचा उजवा हात. ज्या ट्रान्सिल्व्हेनियाच्या वर्णनाने जग भ्याले तिथे तो जन्मात कधी गेला नव्हता. व्हिटबी या समुद्रकाठच्या गावी सुटीत असताना तिथल्या वाचनालयात बसून त्याने टिपणे काढली. 'ड्रॅक्युला' प्रसिद्ध झाली ती १८९७ च्या मे महिन्यात. नंतरच्याच महिन्यात, २२ जूनला, पुण्यात चापेकर बंधूंनी रँडवर गोळी झाडली. प्लेगच्या तपासणीच्या नावाखाली गोरे सोजीर न विचारता घरात शिरत होते, त्याचा तो संताप होता. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काडीचा संबंध नाही. तरीही घरात कोण शिरतो यावर लिहायला बसले की मला ते साल आठवल्यावाचून राहत नाही.

कारण स्टोकरचा सरदार न विचारता शिरत नाही! तो त्याचा नियमच आहे. घरातल्या माणसाने एकदा 'या' म्हटल्याशिवाय त्याला उंबरा ओलांडता येत नाही. एकदा म्हटले की मात्र तो हवा तेव्हा येऊ शकतो. शिवाय बोलण्याचालण्यात तो कमालीचा अदबशीर. आपल्या वाड्यात आलेल्या तरुण वकिलाचे सामान तो स्वतः उचलून नेतो, त्याच्यापुढे जेवण मांडतो, रात्र रात्र गप्पा मारतो. असल्या यजमानाला वाईट कसे म्हणावे?

आता आईच्या प्रश्नाचे उत्तर. ल्यूसीच्या खोलीतली लसणीची फुले काढून टाकली आणि खिडकी उघडली ती तिच्या सख्ख्या आईने. फुलांचा वास फार कोंदला होता, लेकीला मोकळी हवा मिळावी, म्हणून! आणि आईला हे ठाऊक का नव्हते? तर तिचे हृदय कमजोर, धक्का बसेल, म्हणून डॉक्टरांनी तिला काहीच सांगितले नव्हते. ज्याने त्याने मायेपोटीच केले, आणि मुलगी गेली.

एवढ्यावर शहाणे होतील तर ते पुरुष कसले! दुसरी नायिका मीना. तिला लघुलेखन येते, टंकलेखन येते. सगळ्यांच्या रोजनिशा, तारा, कात्रणे गोळा करून, टंकून, तारखांप्रमाणे लावते ती मीना. आगगाडीची वेळापत्रके तिला तोंडपाठ. आपल्या बोरिवली-चर्चगेट बायकांच्या डब्यात ती सहज खपून गेली असती. तिच्यामुळेच शत्रूचा माग लागतो; आणि नेमके तेव्हाच ही शूर मंडळी ठरवतात, की आता बाईमाणसाला यात ओढायला नको, तिला काही सांगायचे नाही. त्याच दिवसांत ड्रॅक्युला तिला गाठतो. त्या घराला लागूनच वेड्यांचे इस्पितळ आहे. तिथल्या रेनफिल्ड नावाच्या रुग्णाला लालूच दाखवून त्याने स्वतःला आत बोलावून घेतलेले असते.

सिनेमावाल्यांनी यातले काय उचलले, पाहा. १९२२ साली मुर्नाव या जर्मन दिग्दर्शकाने परवानगीवाचूनच या कादंबरीवर 'नोस्फेरातू' हा मूकपट काढला. स्टोकरच्या विधवेने दावा लावला आणि न्यायालयाने सगळ्या प्रती नष्ट करण्याचा हुकूम दिला. काही प्रती वाचल्या म्हणून आपल्याला तो आज पाहता येतो. सूर्यकिरण पडताच पिशाच विरून जाते, ही कल्पना या मूकपटाची. पुस्तकातला सरदार दिवसाढवळ्या लंडनच्या पिकॅडिलीत हिंडताना दिसतो! उंच कॉलरचा काळा झगा आला रंगभूमीवरून. १९३१ च्या बोलपटात बेला लुगोसीने तो अजरामर केला. लुगोसीला सुळेच नव्हते. ते ठळकपणे पडद्यावर आले १९५८ साली, ख्रिस्तोफर लीच्या तोंडी, लाल डोळ्यांसकट आणि रंगीत. तेव्हापासून आजवर, अगदी २०२४ च्या नव्या 'नोस्फेरातू'पर्यंत, सिनेमे निघतच आहेत. पण माहिती सांगणारी, वेळापत्रके पाठ असणारी मीना बहुतेक ठिकाणी नुसती मूर्च्छा येणारी नायिका होऊन बसली. सरदाराचा शेवट पुस्तकात होतो तो दोन सुऱ्यांनी. त्यातली एक चक्क आपल्याकडची कुकरी आहे, ती गळ्यावर फिरते. ती तर फार थोड्यांना आठवते.

त्या जर्मन सावल्यांचा एक धागा आमच्या मालाडपर्यंत पोचलेला आहे, हे मला फार उशिरा कळले. १९३४ साली हिमांशु रॉय आणि देविका राणी यांनी मालाडला 'बॉम्बे टॉकीज' उभी केली तेव्हा म्युनिकहून आलेला योसेफ विर्शिंग तिथे छायाचित्रणकार होता. दुसऱ्या महायुद्धात इंग्रजांनी त्याला जर्मन म्हणून स्थानबद्ध केले. सुटल्यावर तो परत याच देशात कॅमेऱ्यामागे उभा राहिला आणि १९६७ साली मुंबईतच वारला. १९४९ चा 'महल' त्याच्याच नजरेचा. जुना वाडा, भिंतीवरची तसबीर, झोपाळा, पाण्यातली नाव, आणि सोळा वर्षांची मधुबाला. लताबाईंचा तो दुरून जवळ येणारा आवाज ध्वनिमुद्रित करताना त्यांना मायक्रोफोनपासून लांब उभे करून गात गात जवळ यायला लावले होते म्हणतात. रेकॉर्डवर गायिकेचे नाव म्हणून 'कामिनी' एवढेच छापले होते, सिनेमातल्या पात्राचे!

'महल' ड्रॅक्युलावरून घेतलेला नाही, आणि त्यात भूतही नाही. शेवटी ती माळ्याची मुलगी निघते. पण नायकाचा संसार उद्ध्वस्त होतो तो होतोच, कारण नसलेल्या भुताला 'ये' म्हणणारा तो स्वतः असतो. मला विचाराल तर स्टोकरचे मर्म झग्या-सुळ्यांच्या पुष्कळ सिनेमांपेक्षा इथे जास्त उतरले आहे.

खरेखुरे पिशाच आपल्या पडद्यावर आणले रामसे बंधूंनी. कराचीहून फाळणीच्या वेळी मुंबईत आलेल्या, रेडिओच्या दुकानदाराची ही सात मुले. १९७२ चा 'दो गज जमीन के नीचे' त्यांनी महाबळेश्वरला जाऊन घरच्या माणसांच्या मदतीने थोडक्या दिवसांत उरकला. या सिनेमांना नाके मुरडण्याची आम्हा मध्यमवर्गीयांत पद्धत होती. नाके मुरडूनच आम्ही १९८४ चा 'पुराना मंदिर' शेजाऱ्यांच्या व्हिडिओवर, वीस माणसे एका खोलीत दाटीवाटीने बसून, पाहिला. त्यांचा १९९० चा 'बंद दरवाजा' म्हणजे सरळ सरळ ड्रॅक्युला: शवपेटी, वटवाघूळ, सगळे आहे. परंतु त्यात एक गोष्ट अशी आहे की ती पाहून आई खुर्चीत सावरून बसली होती. ठाकुराची बायको निपुत्रिक असते, सवत येण्याची भीती असते, म्हणून ती आपल्या पायांनी काळ्या पहाडीवर त्या राक्षसाकडे जाते आणि मूल मागते. मुलगी झाली तर ती त्याला द्यायची, ही अट. आई म्हणाली, "बघ, इथे सांगितलंय कुणी बोलावलं ते. आणि का बोलावलं तेही."

मराठीत नारायण धारपांनी 'लुचाई' लिहिली तिचा उगम स्टीफन किंगच्या १९७५ च्या 'सेलम्स लॉट'मध्ये, आणि किंगचा उगम पुन्हा स्टोकरमध्ये. धारपांच्याच 'आजी' या कथेपासून पुढे २०१८ चा 'तुंबाड' स्फुरला. तिथे रक्ताची नाही, सोन्याची तहान आहे. पण विहिरीत उतरतो तो माणूसच.

आता घरची गोष्ट. अण्णा जाऊन नऊ वर्षे झाली. चाळीच्या जागी आता इमारत उभी आहे. आई चौऱ्याऐंशी वर्षांची, तिथेच भाऊ-वहिनीबरोबर असते. मी बोरिवलीला. गेल्या वर्षी नवरात्राच्या सुमारास शेजारच्या विंगमधल्या एका आजींना कुणी 'दागिने उजळून देतो' म्हणून फसवले. सोसायटीच्या मोबाइल ग्रुपवर ते सगळ्यांनी वाचले. भावाने मला फोन करून विचारले, "ताई, आईला सांगू का?" मी म्हटले, "नको रे. तिचा रक्तदाब. उगीच रात्र रात्र जागेल."

तीन आठवड्यांनी, भाऊ-वहिनी कचेरीत गेल्यावर, दुपारी आईकडे बेल वाजली. पाठीला पिशवी लावलेला हसतमुख मुलगा. चपला बाहेर काढल्या, 'आजी, आत येऊ का?' म्हणून विचारले. आईने 'ये' म्हटले. त्याने समई घासून लखलखीत करून दिली, दिवाळीची म्हणून! आईने त्याला चहा केला. मग त्याने तिच्या हातातल्या पाटल्या हळद घातलेल्या पाण्यात उकळायला ठेवल्या, डब्याचे झाकण लावले, पंधरा मिनिटे उघडू नका म्हणाला आणि वाकून नमस्कार करून गेला. अण्णांनी पंचवीस वर्षांच्या नोकरीनंतर केलेल्या त्या पाटल्या. डब्यात नुसते पिवळे पाणी होते.

आईने आठ दिवस कुणाला सांगितले नाही. हातात काचेच्या बांगड्या चढवल्या आणि पदर मनगटापर्यंत ओढून वावरली. वसुबारसेला मी गेले तेव्हा माझ्या लक्षात आले. मी रागावलेच, "अगं, सांगायचं नाहीस का?" ती म्हणाली, "तुम्हा दोघांना गोळ्या चालू आहेत रक्तदाबाच्या. कशाला घोर लावू?"

मग शेजारच्या विंगमधली गोष्ट मला तिला सांगावी लागली. ती पुष्कळ वेळ काही बोलली नाही.

पोलिसांत नोंद केली. पाटल्या मिळाल्या नाहीत. भावाने दाराला साखळी आणि बघायचे भिंग बसवले. आईने मात्र माझ्याकडे वेगळेच मागितले: अण्णांचे ते भुताचे पुस्तक. आता शनिवारी मी गेले की तिला वाचून दाखवते, अण्णांसारखेच, मनातल्या मनात मराठी करत. परवा मीनाला काही सांगायचे नाही असे ठरते, तिथपर्यंत आलो. भाऊ सोफ्यावर मोबाइल बघत बसला होता. आई म्हणाली, "थांब जरा." मग त्याला हाक मारली, "अरे, तो बाजूला ठेव आणि इकडे येऊन बस. हे तूपण ऐकायला हवंस."